नववी रेघ

गेल्या महिन्यात विद्यापीठातली एक मुलगी माझी मुलाखत घ्यायला आली होती. जुन्या सिनेमांचे सेट सजवणाऱ्या माणसांवर ती प्रबंध लिहिते आहे. आमच्यावर कोणी प्रबंध लिहील असं आमच्या उस्तादांना सांगितलं असतं, तर त्यांनी मला वेड्यात काढलं असतं आणि मग हळूच आत जाऊन ठेवणीतला टाय घालून आले असते. मी मात्र तिला आधीच बजावलं, की बाई, माझं वय ब्याऐंशी, नावं विसरते, पण कुठल्या सिनेमात कुठल्या टेबलाचा कुठला पाय हलत होता ते विचार, सगळं सांगेन.

तिने एक फोटो आणला होता. पंचावन्न सालचा, सेटवरचा. सगळी मंडळी ओळीने उभी, मधे नटी, तिच्या शेजारी पोट आत ओढून धरलेला दिग्दर्शक, आणि अगदी कडेला मी. वीस वर्षांची, केसांत फीत बांधून, जसा काही सिनेमा माझ्यावरच चालला होता. फीत किती शोभतेय तुम्हाला, ती म्हणाली. मी नुसती हसले. मग ती पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेली आणि माझ्या कपाटाच्या कडेवरच्या पेन्सिलीच्या रेघा तिला दिसल्या. तुमच्या मुलांची उंची का, असं तिने विचारलं. मला मुलं नाहीत, मी सांगितलं, आणि बडीशेपेची बिस्किटं तिच्यापुढे सरकवली. पोरगी शहाणी, तिने वहीचं पान उलटलं.

फितीचं आणि रेघांचं उत्तर एकच आहे. साठ वर्षांत ते मी कोणाला सांगितलेलं नाही.

माझे वडील तेस्ताच्चो वस्तीत गाद्या-खुर्च्यांचं भरणकाम करायचे. एके दिवशी एक ठेंगणा, रागीट चेहऱ्याचा माणूस कोरी खुर्ची घेऊन दुकानात आला आणि म्हणाला, ही चाळीस वर्षं जुनी करून द्या. बाबांना वाटलं, ऊन लागलंय याला. मी एकोणीस वर्षांची होते आणि मला दुकानाचा कंटाळा आला होता. मी ती खुर्ची मागच्या अंगणात नेली, तिच्या हातांवर मेणात कालवलेली काजळी चोळली, बैठकीवर कॉफी सांडली आणि आठवडाभर तिच्यावर बसूनच वाटाणे सोलले. तो माणूस परत आला, खुर्चीत बसला, उठला, पुन्हा बसला, आणि बाबांना म्हणाला, खुर्ची राहू द्या, मुलगी द्या. हे आमचे उस्ताद अमिल्कारे. बाबा त्यांच्या अंगावर हातोडी घेऊन धावले होते. गैरसमज मिटायला दोन दिवस लागले.

उस्तादांचे नियम फार नव्हते, पण जे होते ते दगडावरची रेघ. पहिला, खण रिकामा ठेवायचा नाही. कॅमेऱ्याला खणातलं दिसत नाही, पण नटीच्या हाताला कळतं. म्हणून आम्ही खणांत सुतळीचे तुकडे, मेणबत्त्यांची बुडखी, अर्धी औषधाची बाटली, कुलूप हरवलेली किल्ली असलं काय काय भरायचो. दुसरा नियम, जोडीने काही मांडायचं नाही. दोन वस्तू एकमेकींकडे बघत बसतात, तिसरी आली की घर होतं, असं ते म्हणत. तीन पेले, पाच फोटो, सात खिळे. हे माझ्या अंगात इतकं मुरलं, की घरी आई चार ताटल्या मांडायची आणि मी जाता जाता एक उचलून ठेवायची.

आणि तिसरा नियम लाल फितीचा. भाड्याच्या गोदामातलं सामान शंभर सिनेमांतून फिरून आलेलं असतं, त्याला लाज उरलेली नसते, असं उस्तादांचं मत. त्यामुळे आम्ही खऱ्या घरांतून वस्तू उसन्या आणायचो. अशा वस्तूला लाल फीत बांधायची. फीत बांधलेल्या वस्तूला सुतार, रंगारी, कोणीही न विचारता हात लावायचा नाही. शॉटपुरती फीत सोडायची आणि शॉट संपला की लगेच परत बांधायची. ते काम माझं होतं. यात चुकण्यासारखं काय आहे, असं कोणालाही वाटेल. मलाही वाटायचं.

त्या वर्षीचा सिनेमा ट्राम चालवणाऱ्या एका माणसाच्या घराचा होता. आधी बरे दिवस, मग हलाखी. त्यांच्या स्वयंपाकघरासाठी उस्तादांना हवं तसं कपाट सापडेना. शेवटी गार्बातेल्ला वस्तीतल्या एका चाळवजा इमारतीत सोरा आर्जियाकडे ते सापडलं. माणसाहून उंच, पोपटी रंग उडालेला, वर काचेची दारं, खाली खण. सोरा म्हणजे आमच्याकडे बाई किंवा काकू; ही आर्जिया विधवा, पाद्र्यांच्या कॉलरांना खळ घालून इस्त्री करून द्यायची. नवरा लढाईवर गेला तो आलाच नव्हता. आम्ही कपाट मागायला गेलो, तर ती कपाटाला पाठ लावून उभी राहिली आणि दोनदा तिने आम्हाला तसंच परत पाठवलं.

तिसऱ्या खेपेला उस्तादांनी कपाटाचा विषयच काढला नाही. तिच्या चुलीवरच्या घेवड्याचा वास किती छान येतोय, एवढंच म्हणाले. घेवडा खाऊन झाल्यावर ती स्वतःच म्हणाली, "न्या बाई एकदाचं. काच फुटली तर फुटू दे, दार निखळलं तर निखळू दे. पण ह्या कडेला कोणाचा हात लागता कामा नये. माझ्या लिचियाच्या रेघा आहेत त्या."

लिचिया कोण, ते विचारायची गरज नव्हती. भिंतीवर एका मुलीचा फोटो होता आणि त्याच्यापुढे लहानसा दिवा. कपाटाच्या डाव्या कडेला, खिळ्यावर टांगलेल्या एप्रनच्या खालून पेन्सिलीच्या आडव्या रेघा दिसत होत्या. उस्तादांनी तिथल्या तिथे फीत काढून कपाटाच्या कडीला दुहेरी गाठ मारली. आणि मी, कोणी विचारलेलं नसताना, म्हणाले, "मी आहे ना, सोरा आर्जिया. माझ्यावर सोडा."

हे वाक्य मला अजून ऐकू येतं.

बऱ्या दिवसांचे प्रसंग सहा दिवसांत उरकले. सातव्या दिवशी सकाळी शेवटचा शॉट होता, नटी खिळ्यावरचा एप्रन काढून कमरेला बांधते एवढाच. मी फीत सोडली, शॉट झाला, एप्रन परत खिळ्यावर टांगला, आणि तेवढ्यात कोणीतरी ओरडलं, चला, फोटोवाला आलाय. आयुष्यात पहिल्यांदा माझा फोटो खऱ्या फोटोवाल्याकडून निघणार होता. केस नुसते पिंजारलेले. हातात फीत होती. बांधली डोक्याला. फोटो निघाला, आणि तशीच सगळ्यांबरोबर जेवायला पळाले. त्या दिवशी छोल्यांचा पास्ता होता आणि जेवणानंतर संत्री.

आम्ही जेवत असताना स्पार्ताको रंगारी हलाखीच्या दिवसांच्या तयारीला लागला होता. फार गुणी माणूस. घर ओशट, काळवंडलेलं दिसायला हवं होतं. कपाटाला फीत नव्हती. त्याने कडेवर आधी पॉलिश पेपर मारला, मग टर्पेंटाइनचा बोळा फिरवला, मग काजळीचं मेण चोळलं. मी संत्र्याची फोड तोंडात घेऊन परत आले, तर कपाटाची डावी कड काळीभोर चकाकत होती. एकही रेघ नव्हती.

स्पार्ताको म्हणाला, "फीत नव्हती गं." मग त्याची नजर माझ्या डोक्यावर गेली आणि तो खाली बघून ब्रश पुसायला लागला.

उस्ताद एरवी कपाचा कान कुठल्या बाजूला आहे यावरून स्टुडिओ डोक्यावर घ्यायचे. त्या दिवशी ओरडले नाहीत, हे जास्त वाईट होतं. "जाऊन सांग," एवढंच म्हणाले. मी म्हटलं, माझा जीव जाईल. "जात नाही कोणाचा. आजच जा." मी गेले नाही. उद्या जाईन, परवा जाईन करत उरलेलं शूटिंग संपलं आणि कपाट परत करायला चार दिवस राहिले.

मग मी माझ्या धंद्यातल्या माणसाने जे केलं असतं तेच केलं. सेटवरच्या प्रत्येक वस्तूचा आम्ही मांडणीसाठी फोटो काढून ठेवायचो. कपाटाचा होता. एप्रनच्या खाली सहा रेघा स्पष्ट दिसत होत्या, वरच्या कापडाआड होत्या. मी काजळी उतरवली, कडेला चहाचं पाणी देऊन जुना रंग आणला, सुताराची चपटी पेन्सिल घेतली. फोटोवरून माप घेऊन सहा रेघा जशाच्या तशा काढल्या. चौथी आणि पाचवी अगदी जवळजवळ होत्या, जेमतेम बोटभर अंतर. ते विचित्र दिसत होतं, पण फोटोत होतं म्हणून तसंच ठेवलं. वर अंदाजाने सातवी काढली, आठवी काढली. अंगठ्याने पुसट केल्या, पावाच्या गोळीने टिपल्या. मग तीन पावलं मागे जाऊन एक डोळा मिटून बघितलं. काहीतरी कमी वाटत होतं. मी नववी काढली. आता कसं छान दिसायला लागलं.

उस्ताद आले, बराच वेळ बघत राहिले. "पडद्यावर शोभतील," म्हणाले आणि निघून गेले. मला ती शाबासकी वाटली.

कपाट पोचवलं त्या दिवशी सोरा आर्जियाने फळ्यांवर घालायला कागदाची नक्षी कापून ठेवली होती. तिने खण उघडून बघितले, काचांवरून फडकं फिरवलं. मग ती कडेला आली. अंगठा सगळ्यात खालच्या रेघेवर ठेवला आणि एकेक करत वर नेला. शेवटच्या रेघेवर अंगठा थांबला.

"इथे कोणाचा हात लागला का?" तिने विचारलं.

"नाही, सोरा आर्जिया," मी म्हणाले. "लाल फीत होती ना."

उस्ताद खिडकीबाहेर बघत होते. तिने माझ्याकडे जरा वेळ पाहिलं, मग चुलीवर कॉफी ठेवली. मी कॉफी प्यायले, जिना उतरले आणि अंगणात येऊन खरंच उडी मारली. सुटले होते मी. उस्ताद गाडीत बसता बसता म्हणाले, "आजपासून तू पक्की झालीस ह्या धंद्यात. ह्याची सवय लागू देऊ नकोस, एवढंच सांगतो."

तशी पुढे अडतीस वर्षं मी हे काम केलं. राजांची शयनघरं सजवली, कैद्यांच्या कोठड्या सजवल्या, भर ऑगस्टच्या उकाड्यात खिडक्यांच्या काचांवर मिठाचं हिम चिकटवलं. गोंदाचा, लाकडाच्या भुशाचा आणि गरम दिव्यांचा तो वास आता कुठे येत नाही. आता म्हणे भिंतीसुद्धा नंतर संगणकात भरतात. भरोत बापडे. पण मला कोणी विचारलं, तुझा सगळ्यात चांगला दिवस कुठला, तर तो सेटवरचा नाही. तो त्या सिनेमाच्या खेळाचा दिवस आहे.

उस्तादांची पद्धत होती. ज्याची वस्तू आणली, त्याला सिनेमाचं तिकीट द्यायचं आणि आमच्यापैकी एकाने सोबत जायचं. आठ महिन्यांनी सिनेमा गार्बातेल्लाच्या थिएटरात लागला, तेव्हा त्यांनी मलाच पाठवलं. मुद्दाम पाठवलं, हे मला आता कळतं. रविवारची दुपार. सोरा आर्जियाची अख्खी इमारत आली होती. पडद्यावर कपाट दिसल्याबरोबर मागून कोणी बाई म्हणाली, "आर्जिया, तुझ्यापेक्षा तुझं कपाट बरं दिसतंय गं." सगळे हसले. सोरा आर्जियाही हसली. खारवलेल्या भोपळ्याच्या बियांची पुडी तिने माझ्यापुढे धरली.

मग तो शॉट आला. नटीने खिळ्यावरचा एप्रन काढला, आणि कपाटाची कड खालपासून वरपर्यंत उघडी झाली. पुसण्याआधीच्या खऱ्या रेघा, माझ्या हाताएवढ्या मोठ्या. धंद्याच्या सवयीने मी मोजल्या. आठ.

पुन्हा मोजायला गेले, तर शॉट संपला होता. पण माझी मोजण्यात चूक झालेली नव्हती. रेघा आठ होत्या, आणि मी तिच्या घरी नऊ काढून ठेवल्या होत्या. विषम आकड्यावर डोळा ठरतो म्हणून. छान दिसतं म्हणून. मी मान वळवून तिच्याकडे बघितलं. पडद्यावरची नजर न काढता ती हळू आवाजात म्हणाली, "आठच होत्या, पोरी."

पुढचा सिनेमा मी बघितला नाही, नुसती तिथे बसले होते. खेळ संपला, लोक गेले. सोरा आर्जिया उठली नाही. त्या काळी थिएटरात एकदा शिरलं की कितीही वेळ बसता यायचं. पुढचा खेळ सुरू झाला, तो शॉट पुन्हा आला, तिने पुन्हा आठही रेघा बघून घेतल्या, आणि मग म्हणाली, चल.

रस्त्यात मी सगळं सांगितलं. फीत, फोटो, संत्री, चहाचं पाणी. रडत रडत सांगितलं. तिने मधे एकदाही मला थांबवलं नाही आणि शांतही केलं नाही. माझं संपल्यावर ती बोलायला लागली. दर वर्षी बेफानाच्या सणाला, सहा जानेवारीला, बेफाना म्हातारीने मोज्यात ठेवलेला खाऊ मुलीला द्यायच्या आधी कपाटाला उभं करायचं, ही नवऱ्याने पाडलेली रीत. पहिल्या वर्षी तर त्यानेच तिला धरून उभं केलं होतं. चौथ्या वर्षी लबाड पोरीने टाचा उचलल्या आणि कोणाच्या लक्षात आलं नाही. पाचव्या वर्षी बघतात तर पोरगी बोटभरच वाढलेली. "डॉक्टरकडे घेऊन गेले गं मी तिला. तिथे गेल्यावर कबूल केलंन." सोरा आर्जिया चालता चालता हसली. मग म्हणाली, त्रेचाळीसच्या डिसेंबरात ताप आला. नवव्या बेफानाला तीन आठवडे राहिले होते.

"ते बोटभर अंतर तू तसंच ठेवलंस," ती म्हणाली. "म्हणून त्या दिवशी तुला घराबाहेर काढली नाही. पण माझ्या तोंडावर खोटं बोललीस. ते मी विसरणार नाही." आणि खरंच विसरली नाही. पुढे चोवीस वर्षं मी तिच्याकडे जात राहिले. मरताना ती ते कपाट माझ्या नावाने ठेवून गेली, आणि त्या चोवीस वर्षांत दर बेफानाला तिने मला त्या खोट्याची आठवण करून दिली.

त्या दिवशी इमारतीच्या दाराशी मी म्हटलं, "उद्या येते आणि नववी रेघ पुसून जाते."

"वर चल," ती म्हणाली.

खोलीत गेल्यावर तिने दिवा लावला आणि कपाटावरचा एप्रन बाजूला केला. आठ रेघांच्या शेजारी काही लिहिलेलं नव्हतं, आधीही नव्हतं. नवव्या रेघेच्या शेजारी मात्र तिच्या अक्षरात लिहिलं होतं, बेफाना, १९४४.

"दोन आठवडे मी ह्या बाजूला फिरकले नाही," ती म्हणाली. "तुला उठता-बसता शिव्या देत होते. मग एक दिवस बघितलं. जन्म गेला माझा कपड्यांत, माप मला कळतं. एवढीच झाली असती ती. तू बघितलं नव्हतंस तिला, तरी एवढीच काढलीस."

"पुसू ना?" मी विचारलं.

"हात तर लावून बघ."

मग तिने खण उघडला. सुतळी, मेणबत्तीची बुडखी, कसलीशी किल्ली, आणि तळाशी सुताराची चपटी पेन्सिल, नवऱ्याची. तिने पेन्सिलीला चाकूने टोक काढलं. माझं वय विचारलं. वीस, मी म्हटलं. तिने पेन्सिलीचं टोक बोटाने तपासलं. मनात हिशेब करत असावी, आणि तो मलाही आला. लिचिया असती तर वीसचीच.

"चपला काढ," ती म्हणाली. "इकडे ये. पाठ लाव."

मी कपाटाच्या कडेला पाठ लावून उभी राहिले. तिने पाव कापायची सुरी आडवी करून माझ्या डोक्यावर टेकवली. तिचे हात खळीच्या वासाचे होते. लिचियाला आणखी थोडी उंची मिळावी असं माझ्या मनात आलं की काय कोण जाणे, माझ्या टाचा आपोआप उचलल्या गेल्या.

"टाचा टेक," सोरा आर्जिया म्हणाली. "तूही तसलीच."

मी टाचा टेकल्या.